चेहरा पाहिजे, आवाज नको

शूटिंगवरच्या इटालियन लोकांच्या जेवणाच्या तंबूत शिरलो ही चूक माझीच. दारावर पाटी होती. मला वाचताही आली होती. पण त्या दिवशी मला डायलॉग होता, आणि ज्याला डायलॉग तो आर्टिस्ट, असं मी आपलं मनाशी ठरवून टाकलं होतं.

प्लेट घेतली. भात कुठं दिसेना. इतक्या लांबून आलेली माणसं, एवढे मोठे कॅमेरे, आणि जेवणात भात नाही. मला त्यांची दयाच आली. जाड शेवयांसारखा पास्ता होता, तो वाढून घेतला. वाढणाऱ्या बाईला विचारलं, "पोर्क? नो पोर्क?" ती हसून म्हणाली, "नो, नो. तोमातो." मी कोपऱ्यातली खुर्ची हेरून निघालो.

तेवढ्यात रॉनी आला.

रॉनी कास्टिंगचा माणूस. आईबाप मुंबईचे, जन्म दुबईचा. अबू धाबीजवळच्या मुसफ्फ्यातल्या वर्कशॉपमधून, लेबर कॅम्पमधून चेहरे गोळा करायचे आणि शूटिंगला पुरवायचे, हा त्याचा धंदा. मलाही त्यानंच आणलं होतं. वयानं माझ्या मुलीहून थोडा मोठा असेल. त्यानं माझ्या हातातली प्लेट काढून घेतली. ओढली नाही. लहान पोराच्या हातातून सुरी काढून घ्यावी, तशी घेतली.

"चाचा, ये टेंट आर्टिस्ट लोगों का है. तुम्हारा उधर, बस के पीछे."

"रॉनीभाई, आज मेरा डायलॉग है."

"डायलॉग है तो क्या हुआ? तुम फेस हो, चाचा. यल्ला, चलो उधर."

आणि ती प्लेट त्यानं कचऱ्याच्या काळ्या पिशवीत उपडी केली. माझ्यासमोर. मी एक घासही खाल्ला नव्हता. नुसता हात लागला होता.

तंबूत पंचवीस-तीस माणसं जेवत होती. कुणी मान वर केली नाही. त्यांनी माझ्याकडे बघून नाक मुरडलं असतं, तरी मला बरं वाटलं असतं. निदान बघितलं तरी असतं.

बसच्या मागे सावलीत आमची माणसं बसली होती. बिर्याणीचे डबे वाटले जात होते. बिर्याणी चांगली होती, हे सांगायला पाहिजे. आपला अपमान झाला म्हणून बिर्याणीला कशाला नावं ठेवू. पण घास खाली जाईना. मी डबा बंद करून शेजारच्याला दिला.

आता मी तिथं पोचलो कसा, ते सांगतो.

मी रायगडातल्या खाडीकाठच्या गावचा. मुसफ्फ्यात एका फॅब्रिकेशन वर्कशॉपमध्ये स्टोअरकीपर. नटबोल्ट, वेल्डिंगच्या कांड्या, हातमोजे, हे माझं राज्य. खिडकीच्या आत मी, बाहेर रांग. एकदा एका इटालियन पिक्चरसाठी लोखंडी गेट बनवून घ्यायला रॉनी आला. त्याच्याबरोबर एक इटालियन बाई होती. तिनं खिडकीतून मला पाहिलं आणि ओरडली, "के फाच्चा!"

मला वाटलं, काहीतरी चुकलं माझं. मी सॉरी म्हटलं.

रॉनी म्हणाला, "चाचा, बोल रही है, क्या चेहरा है!"

संध्याकाळी घरी येऊन शमीमला सांगितलं. शमीम म्हणजे माझी बायको. तिनं पोळ्या थांबवल्या, ओढणीला हात पुसले आणि माझ्याकडे नीट निरखून बघितलं.

"कुठला चेहरा?" ती म्हणाली. "हाच?"

हाच. देवीच्या व्रणांचा नाही, पण तारुण्यात पुटकुळ्यांनी खणून ठेवलेला. एक भुवई लहानपणी होडीच्या कडेवर आपटून मधोमध तुटलेली. गालफडं आत. लग्नाच्या वेळी शमीमच्या घरच्यांनी याच चेहऱ्यावरून खूप विचार केला होता. आणि रोमहून आलेली बाई म्हणत होती, क्या चेहरा है. माणूस फुगणार नाही तर काय होणार?

इटालियन लोक इथं वाळूसाठी येतात. वाळू अबू धाबीची, पिक्चरमध्ये ती कधी लिबिया होते, कधी सोमालिया. त्या वाळूवर उभी करायला माणसं लागतात. पहिल्या पिक्चरमध्ये मी मेलेला मच्छीमार होतो. कॅमेरा चालू झाला आणि मला शिंक आली. मग हॉटेलचा हमाल झालो. उंटांचा व्यापारी झालो. आमच्या गावात म्हशीपलीकडे जनावर नाही, उंटानं माझा खांदा चाटला तेव्हा मी किंचाळलो, आणि ते त्यांनी पिक्चरमध्ये ठेवलं. नावाडी झालो, चोरटा माल नेणाऱ्याचा काका झालो. सुट्टीच्या दिवशी शूटिंग असायचं. कागदपत्रं रॉनी बघायचा. मी घरात सांगायला लागलो की मी कॅरेक्टर अ‍ॅक्टर आहे.

"अब्बू, यू आर लिटरली अ‍ॅन एक्स्ट्रा," माझी मुलगी सना म्हणायची. ती इथंच वाढली. दुबईच्या सिलिकॉन ओएसिसमध्ये कॉम्प्युटरच्या कंपनीत आहे, मैत्रिणींबरोबर तिथंच राहते, सुट्टीला घरी येते.

"एक्स्ट्रा नाही गं. कॅरेक्टर."

"ओके, अब्बू."

त्या 'ओके'चा अर्थ मला कळायचा. मी न कळल्यासारखं करायचो.

या सगळ्या पिक्चरांचा जो दिग्दर्शक होता, सत्तरीचा म्हातारा, सगळे त्याला माएस्त्रो म्हणजे उस्ताद म्हणायचे, त्याची एक जुनी रीत होती. सेटवर माईक असायचा तो नुसता खुणेपुरता, तिथला आवाज पिक्चरमध्ये जायचाच नाही. आवाज सगळा नंतर, रोममध्ये, बंद खोलीत, वेगळी माणसं भरायची. त्यामुळे शॉट चालू असतानाही तो मोठ्यानं बोलत राहायचा, डावीकडे बघ, हळू, अजून हळू. आणि आमच्यासारख्यांना डायलॉग द्यायचाच नाही. आकडे म्हणा, सांगायचा. ओठ हलले की बस. शब्द नंतर बसवू.

म्हणजे माझी सगळी कारकीर्द आकड्यांची. मी मराठीत म्हणायचो. त्यातही मी कारागिरी शोधली, काय करणार. रागासाठी एकोणसत्तर चांगला, दात दिसतात. दुःखासाठी एकोणऐंशी. एकोणऐंशी म्हणताना माणूस आपोआप रडवेला होतो, करून बघा. मी आरशासमोर सराव करायचो.

शमीम म्हणायची, "आता पाढे म्हणताय. शाळेत म्हटले असते तर स्टोअरच्या खिडकीत नसता बसलाव."

पिक्चर आला की माझ्या तोंडून कुणातरी इटालियन माणसाचा आवाज यायचा. उंटाच्या व्यापाऱ्याचा आवाज तर काय भारदस्त होता. मला तो आवडायचा. मी मोबाईलवर लोकांना दाखवायचो, बघा, मी इटालियन बोलतोय. इतका मी मूर्ख.

मग मुश्ताक गेला.

मुश्ताक माझा धाकटा भाऊ. मीच त्याला इथं आणलं, आमच्या वर्कशॉपमध्ये नाही, दुसऱ्या एका कंपनीत लागला तो. टाक्या साफ करायच्या, आतून घासायच्या. उन्हाळ्यात दुपारी उघड्यावरचं काम बंद ठेवायचा इथं नियम आहे. नियम चांगला आहे. पण मुश्ताक टाकीच्या आत होता. टाकीत ऊन दिसत नाही.

सकाळी तो स्वतःच्या पायांनी कामावर गेला. दुपारी मला फोन आला, या आणि घेऊन जा. काय घेऊन जा, ते फोनवरच्या माणसानं सांगितलं नाही.

बाकीचं मी सांगत नाही. एक सांगतो. शेवटी त्यांच्या ऑफिसात मला त्याची बॅग दिली. घरी येऊन उघडली, तर आत एका अनोळखी बाईचा आणि दोन पोरींचा फोटो. कपडे दुसऱ्याच कुणाचे. मी बॅग घेऊन परत गेलो. काऊंटरवरच्या माणसाला म्हटलं, ही माझ्या भावाची नाही. तो कॉम्प्युटरवर काहीतरी टाईप करत होता. मान वर न करता म्हणाला, "सेम थिंग, हबीबी. खलास."

सेम थिंग. म्हणजे आणखी कुणीतरी माणूस होता. त्याच्या पोरींच्या घरी मुश्ताकची बॅग गेली असेल, नाहीतर तो जिवंत असून बॅग शोधत असेल. मुश्ताकची बॅग आम्हाला मिळाली नाही. गावी अम्मा अजून विचारते. तिनं त्याला दिलेला निळा स्वेटर त्यात होता. वाळवंटात स्वेटर कशाला, म्हणून आम्ही तिला हसलो होतो.

पुढच्या थंडीत म्हातारा परत आला, नवा पिक्चर घेऊन. हिरो इटालियन इंजिनियर. वाळवंटात पूल बांधतो. त्याच्या साईटवर एक मजूर मरतो, आणि मजुराचा बाप इंजिनियरसमोर येऊन उभा राहतो. तो बाप मी. पहिल्यांदाच हिरोसमोर, एकट्याचा, मोठा सीन. ज्या दिवशी माझ्या हातातली प्लेट गेली, तोच तो दिवस.

जेवणानंतर मला कॅमेऱ्यासमोर उभं केलं. मेकअपवालीनं अंगावर वाळू मारली. आणि प्रॉपवाल्या मुलीनं माझ्या हातात एक बॅग दिली. मेलेल्या पोराचं सामान. नवी कोरी बॅग, वरून पावडर लावून जुनी केलेली.

मी सवयीनं ती उघडून बघितली, कुणाची आहे ते.

म्हातारा म्हणाला, आकडे. मी म्हटले. एकोणऐंशीपर्यंत गेलो. त्यानं मान हलवली. काहीतरी कुरकुरला. रॉनीनं सांगितलं, "चाचा, बोल रहे हैं आँखों में कुछ नहीं है. आज कुछ भी बोलो. अपनी जबान में. जो दिल में आए."

परत सुरू झालं. हिरो टेबलामागे बसला होता, कागद बघत. त्याच्या रोलमध्येच होतं की त्यानं मान वर करायची नाही. आणि मी बोललो. आमच्या घरात बोलतो तसंच.

"साहेब, माझा मुश्ताक सकाळी स्वतःच्या पायांनी गेला. दुपारी तुमी म्हणालाव, घेऊन जा. ही बॅग त्याची नाय. ह्यातल्या पोरी आमच्या नाय. मुश्ताकची बॅग कुठं हाय? टाकीत त्याला पाणी कुणी दिलं का नाय दिलं? माफी मागू नका. वर बघा. माझ्याकडं बघा."

आणि त्या हिरोनं मान वर केली. त्याला शब्द एक कळला नव्हता. तरी बघितलं.

म्हातारा नेहमी शॉटमध्ये बोलत असतो. त्या दिवशी गप्प होता. माईकवाल्यानं दांडा माझ्या आणखी जवळ आणला होता. कट म्हटल्यावर म्हातारा वाळू तुडवत माझ्याकडे आला, दोन्ही हातांत माझा चेहरा धरला, आणि रॉनीला म्हणाला ते रॉनीनं मला सांगितलं, "चाचा, ये वाला ऐसा ही रखेंगे. तेरा ही आवाज. टच नहीं करेंगे."

मी घरी आलो तो हवेतच. अम्माला फोन लावला. अम्माला पिक्चर म्हणजे काय ते फारसं माहीत नाही, पण तिला मी सांगितलं, "अम्मा, मुश्ताकचं मी बोललो. त्या ऑफिसात कुणी ऐकलं नाही ना, ते सगळं बोललो. आता सगळी दुनिया ऐकणार."

अम्मानं आधी शेजारणीला हाक मारली. मग म्हणाली, "पिक्चर कवा येतंय?"

त्या दिवसापासून प्रत्येक फोनला हेच. पिक्चर कवा येतंय. शेजारणींना सांगून ठेवलं होतं तिनं. गुडघे दुखतात, डोळ्यांचं ऑपरेशन झालंय, पण थांबली होती. पोराचं काय झालं ते मोठ्यानं बोललेलं एकदा ऐकायचं होतं तिला. बाकी काही नको होतं.

पिक्चर दुबईत दाखवला, एका मॉलमधल्या थिएटरात, दुपारचा. आम्हाला बोलावणं होतं. सनानं आम्हाला मुसफ्फ्याहून गाडीनं नेलं. मी तिच्या पदवीच्या वेळी शिवलेला सूट घातला होता. आता बटण लागत नाही, म्हणून पूर्ण वेळ हात पोटावर ठेवून बसलो. शमीमनं नवी ओढणी घेतली होती. तिनं हॉलमध्ये बसल्यावर मला विचारलं, "फोनवर रेकॉर्ड करायला देतील का? अम्मासाठी?" मी म्हटलं, नाही देत. तिनं तरी फोन मांडीवर तयार ठेवला.

माझा सीन आला. मी तिला कोपर मारलं.

पडद्यावर माझं तोंड. एवढं मोठं की भुवईच्या तुटलेल्या जागेत माणूस झोपेल. बॅग हातात. तोंड उघडलं.

आवाज दुसऱ्याचाच.

बारीक, रडका, वरखाली हेलकावे खाणारा. आपल्या लोकांची नक्कल करताना गोरे काढतात ना, तसला. हॉलमध्ये पुढच्या रांगेत कुणीतरी खुदकन हसलं. मग आणखी दोघं. खाली इंग्लिशमध्ये शब्द येत होते. साहेब, तुम्ही फार चांगले आहात. माझा मुलगा तुमच्याकडे सुखी होता. देवाची मर्जी. तुम्ही रडू नका, साहेब. थँक यू. थँक यू.

आणि हिरो मान वर करतो, माझ्याकडे बघतो, त्याच्या डोळ्यांत पाणी. त्याचं मन हलकं झालं. संगीत.

शमीमला इंग्लिश भराभर वाचता येत नाही. ती सनाकडे वाकली. "काय लिवलंय गो?"

सनानं तिचा हात धरला.

"सना. काय लिवलंय?"

"नथिंग, ममा."

शमीम परत पडद्याकडे बघायला लागली. माझा चेहरा तोवर गेला होता. ती हळूच म्हणाली, "पण तुमी मुश्ताक म्हणालाव. मी ओठ बघितले. मुश्ताकच म्हणालाव."

हो. ओठ त्यांना पुसता आले नव्हते.

पिक्चर संपल्यावर सगळ्यांना स्टेजवर बोलावलं. म्हातारा, हिरो, आणि शेवटी मी. म्हाताऱ्यानं माझ्या गळ्यात हात टाकला आणि माईकवर बोलला. रॉनी दुभाषा होता. इंग्लिशमध्ये लोकांना सांगून झाल्यावर मला म्हणाला, "चाचा, माएस्त्रो बोल रहे हैं, पूरी फिल्म का सबसे प्यारा चेहरा. अब वो थँक यू बोल के दिखाओ. फिल्म में जैसा बोला ना, वैसा."

लोकांनी टाळ्या वाजवल्या. हसऱ्या, प्रेमळ टाळ्या. मला माईक दिला.

मी आयुष्यभर लोकांच्या मनासारखं करत आलोय. खिडकीवर आलेल्या फोरमनला नंबर चुकीचा असला तरी मी हातमोजे बदलून देतो आणि वर चहा विचारतो. त्या क्षणी माझं तोंड थँक यूच्या आकारात येऊ लागलं होतं, हे मला कळलं. सवय.

पुढच्या रांगेत शमीम बसली होती. मांडीवर फोन.

"मैंने नहीं बोला," मी म्हटलं. "वो आवाज मेरा नहीं है."

मग हिंदी सुटली. आमच्या बोलीत बोललो. मुश्ताकचं. बॅगेचं. टाकीचं. पाणी कुणी दिलं का नाय दिलं. माईक होता, त्यामुळे भिंतीतल्या स्पीकरमधून माझाच आवाज मला ऐकू येत होता. घोगरा, खाडीकाठचा, मध्येच फाटणारा. इतक्या पिक्चरनंतर मी तो पहिल्यांदाच थिएटरात ऐकला.

बोलून झालं. सगळे रॉनीकडे बघायला लागले. रॉनीला मराठी येतं. त्याच्या घरात बोलतात. त्याला प्रत्येक शब्द कळला होता. तो हसला आणि इंग्लिशमध्ये म्हणाला, "ही इज व्हेरी इमोशनल टुडे. ही थँक्स द माएस्त्रो फ्रॉम द बॉटम ऑफ हिज हार्ट."

टाळ्या. जोरात.

सना उभी राहिली. "दॅट्स नॉट व्हॉट ही सेड! ही सेड हिज ब्रदर डाइड! ही सेड नोबडी गेव्ह हिम वॉटर!"

शांतता झाली. खरंच झाली. मला वाटलं, आता. आता कुणीतरी विचारेल, काय झालं, कुठं झालं. सूत्रसंचालन करणाऱ्या बाईनं छातीवर हात ठेवला. "ओह. सो पॉवरफुल. थँक यू फॉर शेअरिंग. अँड नाऊ, पिक्चर्स!"

संगीत लागलं. मी स्टेजवरून उतरलो. दोन बायकांनी वाटेत माझा हात धरला. "ब्यूटिफुल लँग्वेज," एक म्हणाली. "व्हिच कंट्री?"

बाहेर कॉरिडॉरमध्ये म्हातारा आमच्या मागे आला. त्याला थोडं इंग्लिश येत होतं, सना मध्ये उभी राहून मला सांगत होती. तिला मराठीत इतकं बोलताना मी पहिल्यांदा बघितलं. म्हातारा वाईट माणूस नव्हता. वाईट असता तर माझं काम सोपं झालं असतं. त्याचे डोळे ओले होते. म्हणाला, मी ठेवणार होतो. खरंच. पण त्या जागी हिरोला माफी मिळाली पाहिजे. नाही मिळाली तर लोकांना तो आवडत नाही, आणि लोकांना तो नाही आवडला तर पिक्चर मेला. आणि तुझा आवाज ठेवला असता तरी कुणाला कळलं असतं? तुझ्या चेहऱ्यानं सगळं सांगितलंच ना.

"माझ्या चेहऱ्यानं तुम्हाला माफ केलं का?" मी विचारलं. सनानं सांगितलं. त्यानं चष्मा काढून पुसला.

मग म्हणाला, पुढचा पिक्चर रोममध्ये करतोय. समुद्रातून आलेल्या माणसांचा. त्यात एक म्हातारा बाप आहे. भरपूर सीन. तू ये. मी तुला रोमला नेतो.

रोम. मी खोटं बोलणार नाही, मला जायचं होतं. स्टोअरच्या खिडकीत बसून किती वेळा त्या शहराचं नाव मनात घोळवलं होतं. मी विचारलं, "आणि आवाज?"

त्यानं माझ्या गालावर हात ठेवला. कुरवाळला. "आवाजाचं नंतर बघू," म्हणाला.

मी त्याचा हात गालावरून काढला. हळूच, पण काढला. माझ्यापेक्षा मोठ्या माणसाचा हात मी असा कधी झिडकारला नव्हता. "चेहरा माझा आहे," मी म्हटलं. "आवाजासकट मिळेल. नाहीतर मिळणार नाही."

सनानं ते सांगितलं. तिनं त्यात दोन-चार इंग्लिश शब्द स्वतःचे घातले असावेत, कारण म्हातारा लाल झाला. त्यानं खांदे उडवले आणि आत गेला.

रॉनी मागे थांबला. तो आता मराठीत बोलला, पहिल्यांदाच. "चाचा, तुम्ही स्वतःला काय समजता? मुसफ्फ्यात बस भरून चेहरे मिळतात."

खरं होतं ते. त्यानं तेवढं एकच खरं भाषांतर केलं.

महिनाभरानं तो आमच्याच वर्कशॉपमध्ये आला आणि अकबर खानला घेऊन गेला. अकबर पेशावरकडचा वेल्डर. त्याचा चेहरा माझ्याहून चांगला आहे, मान्य करायला पाहिजे. एका सीनमध्ये काहीतरी म्हणायचं आहे, म्हणून तो माझ्याकडे शिकायला आला, चाचा, आकडे कसे म्हणता?

मी म्हटलं, "अकबरभाई, आकडे नको. आपली बात बोल. और उनको बोल, मेरा आवाज काटोगे तो नहीं आऊंगा."

माझं डोकं उन्हानं गेलंय असा तो माझ्याकडे बघत राहिला. "चाचा, घर में बच्चे हैं. वो भोंकने को बोलेंगे, मैं भोंकूंगा."

मी त्याला काय सांगणार? त्याला एकोणऐंशी शिकवला नाही, एवढंच. तो गेला. आता तो जाईल, मग दुसरा जाईल. माझ्या नकारानं रोममध्ये कुणाचा चहा थंड झाला नाही. त्या ऑफिसातल्या माणसानं अजून मान वर केलेली नाही. मुश्ताकची बॅग आलेली नाही. पिक्चर जगभर चाललाय, आणि जगभर माझं तोंड साहेबांचे आभार मानतंय. ते मला थांबवता येत नाही. मी मेल्यावरही ते मानत राहील.

पण आता कुणाला माझा चेहरा उसना मिळणार नाही. वर्कशॉपमध्येही मी बदललोय. फोरमनला चुकीच्या नंबरचे हातमोजे बदलून देत नाही. वर चहाही विचारत नाही. तो म्हणतो, चाचा अकडू हो गए. होऊ दे.

राहिली अम्मा. तिचे फोन चालूच होते. पिक्चर कवा येतंय. मी म्हणायचो, इन्शाल्ला येईल, अजून तिकडेच चाललाय. गेल्या जुम्म्याला नमाजहून आलो, शमीम कांदा तळत होती, आणि फोन वाजला. गावचा व्हिडिओ कॉल. सकाळीच अम्माचा निरोप आला होता, शेजारणींना ओळीनं बसवून फोन करते म्हणून. कुणीतरी तिला सांगितलं होतं की पिक्चर आला.

मी फोन उचलला नाही. वाजू दिला. शमीमला म्हटलं, "सांगून टाकतो, माझा सीन कापला म्हणून. संपवू एकदाचं. तिला तरी किती त्रास."

शमीमनं गॅस बंद केला. फोन माझ्या हातातून घेतला, हिरवं बटण दाबायच्या आधी माझ्याकडे बघितलं, आणि म्हणाली:

"त्यांनी तुमच्या तोंडात खोटं घातलं. आता तुमी अम्माच्या कानात घालणार? कापला नाय सीन. त्यांनी मुश्ताकला पुसला, आणि वरून त्याच्या मरणाचे आभार मानले. तसंच सांगा तिला, त्या सगळ्या बायांसमोर. रडेल ती. रडू दे. आणि स्पीकरवर बोला, मना पण ऐकायचंय."